‘फर्ल’ म्हणजे नुसतें गुंडाळणें काय ?

आमची नात इंग्रजी माध्यमाच्या शाळेंत शिकते. गेल्या प्रजासत्ताकदिनाच्या आदल्या दिवशीं शाळेची सूचना हातांत घेऊन ती मजकडे आली आणि म्हणाली, “आजोबा, पंधरा ऑगस्टच्या चिठ्ठींत ‘हॉइस्ट’ लिहिलं होतं, या चिठ्ठींत ‘अन्‌फर्ल’ लिहिलं आहे. ध्वज तोच, काठी तीच, मग क्रियापद निराळं कां?” घरांतला इंग्रजी-मराठी कोश तिनें आधींच चाळला होता. त्यांत ‘फर्ल’ या शब्दापुढें ‘गुंडाळणें’ एवढाच अर्थ दिलेला. तेव्हां लगेच दुसरा प्रश्न आला : “म्हणजे आई चटई गुंडाळते, तेंही फर्लच का?”

पहिल्या प्रश्नाचें उत्तर ध्वजाच्या दोरींतच आहे. १५ ऑगस्ट रोजीं लाल किल्ल्यावर पंतप्रधान ध्वज वर चढवितात. परकी निशाण उतरलें आणि आपलें निशाण वर गेलें, त्या १९४७ सालच्या घटनेची ती आठवण. म्हणून त्यास ध्वजारोहण म्हणावयाचें. २६ जानेवारीस कर्तव्यपथावर राष्ट्रपति दोरी ओढतात, तेव्हां ध्वज आधींपासूनच काठीच्या शेंड्याशीं घडी घालून बांधलेला असतो. ओढीसरशी गांठ सुटते आणि कापड वाऱ्यावर मोकळें होतें. राज्य १९४७ सालींच आपलें झालें होतें, १९५० सालीं संविधान अमलांत आलें; म्हणून वर असलेलाच ध्वज उलगडावयाचा, असा या भेदाचा अर्थ सांगतात. २००२ सालच्या ध्वजसंहितेनें ध्वजाचा उपयोग कोणतीही वस्तु बांधून ठेवण्यासाठीं करण्यास मनाई केली आहे. तरी उलगडण्यापूर्वीं आंत फुलांच्या पाकळ्या ठेवण्यास मुभा दिलेली आहे. आतां त्या पाकळ्या दोरी ओढीपर्यंत खालीं पडत नाहींत, त्या कशामुळें? कापड गुंडाळलेलें आहे म्हणून नव्हे. तें बांधलेलें आहे म्हणून. घरांतील बायका जिला सुरगांठ म्हणतात, तसली ही गांठ : आपण होऊन सुटावयाची नाहीं, आणि ओढल्यावर अडावयाचीही नाहीं.

दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर मात्र उभ्याउभ्यां देण्याजोगें नव्हतें. कोशांतील तो एक शब्द चुकीचा नाहीं, परंतु अपुरा आहे. आणि तो अपुरेपणा कोठें आहे हें पाहूं गेल्यास फ्रान्सपासून कोंकणच्या किनाऱ्यापर्यंत हिंडावें लागतें. तोच प्रवास येथें वाचकांबरोबर पुन्हां करावयाचा आहे.

‘फर्ल’ हें मूळचें ध्वजाचें क्रियापद नव्हे, तें शिडाचें आहे. ध्वज, छत्री, झाडाचें कोंवळें पान यांकडे तें मागाहून गेलें. आपण अंथरुणाची वळकटी करतों ती जमिनीवर बसून, सावकाश, दोन्ही हातांनीं. फार तर मध्यें लहान मूल येऊन लोळतें एवढाच व्यत्यय. शिडाची वळकटी करणें हें निराळेंच काम आहे. युरोपांतील मोठ्या जहाजांवर चौकोनी शिडें असत. डोलकाठीस जें आडवें लाकूड लावतात त्यास आपल्याकडे परबाण म्हणतात. शीड त्या परबाणास टांगलेलें असे. वारा वाढूं लागला कीं प्रथम खालून दोर ओढून शिडाचे खालचे कोपरे आणि कांठ परबाणाकडे उचलून घेत. इतकें झालें तरी तें कापड मोठ्या पखालीसारखें फुगून धडधडत राही. मग खलाशांनीं दोरांच्या शिडीवरून वर चढावयाचें, परबाणाखालीं लोंबणाऱ्या एका दोरावर पाय ठेवावयाचे, परबाणावर पोट टेकून ओणवें व्हावयाचें, आणि तें जाड, ओलें कापड मुठीमुठीनें वर घेऊन, दाबून, त्याची घट्ट वळकटी करून आखूड दोरांचे वेढे देऊन परबाणाशीं आवळून टाकावयाचें. खालीं जहाज हातभर कललें तर वर डोलकाठीचा शेंडा कितीतरी हात झुकतो. ‘एक हात जहाजासाठीं, एक हात स्वतःसाठीं’ असा त्या लोकांत दंडक होता. परंतु शीड बांधावयास दोन्ही हात लागतात, हें तो दंडक शिकविणाऱ्यांसही ठाऊक होतें. दक्षिण अमेरिकेच्या टोंकाशीं हॉर्न भूशिराजवळ हेंच कापड थंडीनें फळीसारखें ताठ होई. (त्याच भूशिरास २०१८ च्या जानेवारींत आपल्या नौदलाच्या सहा स्त्री-अधिकारी गोव्यांत बांधलेल्या ‘तारिणी’ या शिडाच्या नौकेंतून वळसा घालून गेल्या, हें आमच्या नातीस सांगितल्यावर तिला शब्दापेक्षां त्या नौकेचीच चौकशी अधिक करावीशी वाटली. असो.)

या कामांत जोखीम कोठें असते तें लक्षांत घ्यावें. शीड चांगलें गुंडाळलें परंतु सैल बांधलें, तर वारा एखाद्या सुरकुतींत शिरतो. ती सुरकुती फुगते, शेजारची दोरी ताणते, ती दोरी सुटली कीं पुढची सुटते, आणि पाहतां पाहतां सगळें शीड मोकळें होऊन फडफडत फाटूं लागतें. डोलकाठीवर नको त्या वेळीं नको इतका ताण येतो. मग अंधारांत, वादळांत, त्याच माणसांस पुन्हां वर पाठवावें लागतें, आणि वर गेलेलीं सर्व माणसें खालीं येतीलच अशी खात्री नसे. उलट, वळकटी जरा ओबडधोबड झाली पण गांठी पक्क्या बसल्या, तर सकाळीं नाखवा चार शब्द बोलेल, यापलीकडे नुकसान नाहीं. तेव्हां या कामीं गुंडाळणें ही तयारी झाली; बांधणें हें खरें काम.

आतां शब्दाच्या पोटांत काय आहे तें पाहूं. इंग्रजींत हा शब्द सोळाव्या शतकाच्या मध्यास दिसूं लागतो. त्या काळीं इंग्रजी दर्यावर्दी लांबच्या सफरींवर निघूं लागले होते, आणि शेजाऱ्यांच्या बोलींतून कामाचे शब्द निःसंकोच उचलीत होते. डचांकडून त्यांनीं ‘डेक’, ‘स्किपर’, ‘यॉट’ हे शब्द घेतले. फ्रेंच भाषेंत शीड बांधून टाकण्यास ‘फेर्ले’ असें क्रियापद आहे, आणि जुन्या फ्रेंचमध्यें ‘फेर्लिये’ म्हणजे जखडणें, बांधून बंद करणें. या ‘फेर्लिये’चे कोशकार दोन अवयव पाडतात. पहिला ‘फेर्म’, म्हणजे दृढ. त्याचें मूळ लॅटिन ‘फिर्मुस’. दुसरा ‘लिये’, म्हणजे बांधणें. त्याचें मूळ लॅटिन ‘लिगारे’. दोन्ही मिळून ‘दृढ बांधणें’. हीच व्युत्पत्ति आज बहुधा पुढें ठेवतात, आणि पाहा, तींत गुंडाळण्याचा मागमूसही नाहीं!

दुसरें एक मत आहे, आणि एकोणिसाव्या शतकांत इंग्लंडमध्यें त्याचा चांगला बोलबाला होता. इंग्रजींत ‘फार्डल’ असा एक जुना शब्द आहे. त्याचा अर्थ ओझें, गांठोडें. हॅम्लेटच्या प्रसिद्ध स्वगतांत तो येतो, म्हणून कॉलेजांत गेलेल्या वाचकांस तो परिचित असेल. हा शब्द फ्रेंचमधूनच आला आणि त्याच्या मागें अरबी ‘फर्दा’ असावा, असें म्हणतात. फर्दा म्हणजे उंटाच्या पाठीवर दोहों अंगांस लोंबणाऱ्या ओझ्यांपैकीं एका अंगाचें ओझें. जुन्या इंग्रजी लेखनांत शिडाच्या संबंधानें ‘फर्डल’, ‘फार्दल’ अशीं रूपें भेटतात. यावरून ‘फर्ल’ हा ‘फार्डल’चाच संक्षेप, म्हणजे शिडाचें गांठोडें करणें, असा तर्क केला गेला.

तर्क मोहक आहे. मला मात्र तो लंगडा वाटतो. फ्रेंच रूपांत डकार नाहीं, आणि अर्थ तर थेट बांधण्याचा आहे. मग डकाराचीं रूपें आलीं कोठून? माझ्या समजुतीप्रमाणें, खलाशांच्या कानास परका वाटणारा शब्द त्यांच्या ओळखीच्या गांठोड्याजवळ जाऊन बसला. भाषेंत असें वारंवार होतें. आपल्याच ‘नांगर’ शब्दाकडे पाहा. शेतकऱ्याचा नांगर संस्कृत ‘लांगल’ शब्दावरून आला. जहाजाच्या नांगरासाठीं मात्र कोशकार फारसी ‘लंगर’ शब्दाकडे बोट दाखवितात. एक जमीन फोडतो, दुसरा समुद्राच्या तळास रुततो. मराठी माणसानें दोघांस एकाच सांच्यांत घातलें, आणि आज शाळेंतल्या मुलास हे दोन शब्द आहेत याची शंकाही येत नाहीं.

शिवाय, घटकाभर गांठोड्याचा पक्ष मान्य केला तरी आपल्या मुद्यास कांहींच बाध येत नाहीं. गांठोडें म्हणजे तरी काय? गांठ आहे म्हणून तें गांठोडें. गांठ सोडा, कीं ती चादर आणि वर पसरलेले कपडे. पोर्तुगीज खलाशी याच कामास ‘फेर्रार’ म्हणतात. १५१० पासून १९६१ पर्यंत गोव्याचें बंदर त्यांच्या हातांत होतें, तेव्हां मांडवीच्या मुखाशीं हा शब्द किती वेळां ओरडला गेला असेल! तो तर ‘फेर्रु’ म्हणजे लोखंड या शब्दावरून झालेला. घोड्यास नाल ठोकण्यासही तोच. एका भाषेंत दोरी, एका भाषेंत लोखंड; गुंडाळणें कोठेंच नाहीं.

संस्कृताची गोडी असणाऱ्या वाचकांसाठीं येथें थोडें थांबावेंसें वाटतें. संस्कृत शब्दाच्या आरंभीं ‘ध’ असेल, तर लॅटिनमधील त्याच्या भाईबंदाच्या आरंभीं पुष्कळदां ‘फ’ असतो. आपला ‘धूम’ तो त्यांचा ‘फूमुस’. त्याच न्यायानें ‘फिर्मुस’ या शब्दाचें मूळ भाषाशास्त्रज्ञ आपल्या ‘धृ’ धातूच्या कुळांत लावतात. धृ म्हणजे धरणें, पेलणें. धर्म, धरणी, आधार, धरण हे सगळे त्याचेच वंशज. म्हणजे अटलांटिक महासागरावर ओल्या कापडाशीं झगडणाऱ्या खलाशाच्या तोंडच्या शब्दाचा पहिला अर्धा आपल्या धर्माचा चुलत भाऊ निघाला! याच लॅटिन कुळांत इंग्रजी ‘फार्म’ शब्दही आहे. त्याचा मूळ अर्थ शेत नव्हे, ठराविक रकमेचा खंड. खंडानें दिलेली जमीन म्हणून पुढें शेतासच तो शब्द चिकटला. दुसऱ्या अर्ध्याचें, ‘लिगारे’चें, कूळही मोठें आहे. सांध्यांना बांधून ठेवणाऱ्या ‘लिगमेंट’चें दुखणें ज्यांच्या गुडघ्यांत आहे त्यांना तें निराळें सांगावयास नको.

परंतु खुद्द रोमन लोक शीड बांधण्यास ‘लिगारे’ म्हणत नसत. ते ‘लेगेरे’ म्हणत. शिडें ‘लेगेरे’ करणें हा प्रयोग व्हर्जिलच्या काव्यांत आहे. लेगेरे म्हणजे वेचणें, गोळा करणें. आणि त्याच क्रियापदाचा दुसरा अर्थ वाचणें. मराठींत वेचणें आणि वाचणें हे निरनिराळ्या मुळांचे शब्द आहेत. लॅटिनमध्यें अक्षरें वेचीत गेलें कीं तेंच वाचन. आणि गंमत अशी, कीं ‘रिलिजन’ या शब्दाविषयीं प्राचीन काळापासून जो वाद आहे, तो याच दोन क्रियापदांमधला. सिसेरोनें तो शब्द ‘लेगेरे’कडे नेला, पुन्हां पुन्हां मनांत गोळा करणें या अर्थानें. लॅक्टँशियस या ख्रिस्ती लेखकानें तो ‘लिगारे’कडे नेला, ईश्वराशीं बांधलें जाणें या अर्थानें. पंडितांचा हा झगडा अजून मिटलेला नाहीं. शिडाच्या बाबतींत मात्र दोन्ही क्रियापदें एकामागून एक परबाणावर चढलेलीं दिसतात, आधीं गोळा करावयाचें, मग बांधावयाचें.

ग्रीकांची तऱ्हा आणखी निराळी. इलियडच्या पहिल्याच सर्गांत ओडिसियसचें जहाज बंदरांत शिरतांच माणसें शिडें उतरवून, आवरून जहाजांत ठेवतात. तेथें होमरनें ‘स्टेल्लेन’ हें क्रियापद घातलें आहे. स्टेल्लेन म्हणजे नीट लावणें, सज्ज करणें. सज्ज करून पाठविणें हाही त्याचाच अर्थ. या क्रियापदाची संतति पाहून वाचकांस मौज वाटेल. ज्याला धाडलें तो ‘अपॉसल’, म्हणजे ख्रिस्ताचा प्रेषित. अंगावर नीट घेतलें तें ‘स्टोल’. आजकालच्या मुली उन्हांत डोक्यास गुंडाळतात तें. आणि ‘सिन्’ म्हणजे एकत्र हा उपसर्ग लावून झालेल्या ‘सिस्टेल्लेन’ या रूपाचा अर्थ आंत ओढून घेणें, शीड आखडणें, त्यावरून ‘सिस्टोल’. रक्तदाब मोजतांना डॉक्टर जे दोन आंकडे सांगतात, त्यांतला वरचा आंकडा या ‘सिस्टोल’चा, म्हणजे हृदय आंखडून घेतें त्या क्षणाचा. प्रत्येक ठोक्यास हृदय आपलें शीड आंत ओढतें आणि पुन्हां सोडतें, असें त्या शब्दाच्या पोटांत आहे. आमच्या वयाच्या माणसांनीं हें शीड फार फुगूं देऊं नये, असें डॉक्टरही सांगतात.

येथें एक भेद केला पाहिजे, नाहींतर घोटाळा होईल. शीड आखडणें निराळें आणि बांधून ठेवणें निराळें. वारा जोराचा आहे पण पुढें तर जावयाचें आहे, अशा वेळीं शिडाचा थोडा भाग दुमडून बांधतात आणि उरलेलें वाऱ्यास देतात. इंग्रजींत त्यास ‘रीफ’ म्हणतात. मूळ उत्तरेकडील नॉर्स भाषेंतलें, अर्थ बरगडी. आपल्या वाऱ्यालाही भुलूं नये, तो फार अनुकूल झाला तर शीड आखडावें, हा होरेसचा उपदेश या जातीचा आहे. ‘फर्ल’ म्हणजे मात्र सगळें शीड वाऱ्यापासून काढून घेणें. एक बेतानें खर्च करणें, दुसरें दुकानच बंद करणें.

आतां आपल्या किनाऱ्याकडे वळूं. मी कांहीं वर्षें रत्नागिरी जिल्ह्यांत खाडीकांठच्या एका शाळेवर होतों. माझ्या एका विद्यार्थ्याचे आजोबा तरुणपणीं मालवाहू गलबतावर तांडेल होते. तोंवर बंदरांत यंत्राच्या बोटींचा घरघराट सुरू झाला होता, आणि म्हाताऱ्याचा दिवस पडवींत जाळीं विणण्यांत जाई. एकदां मीं त्यांना विचारलें, “बाबा, शीड गुंडाळायला तुमच्यांत काय म्हणतात?” त्यांनीं माझ्याकडे जराशा करुणेनेंच पाहिलें. म्हणाले, “गुरुजी, गुंडाळायची ती वळकटी. शीड उतरायचं, आवरायचं नि बांधायचं. बांधलं नाहीं तर मग वारा गुंडाळतो आपल्याला.”

तीन क्रियापदें, आणि तीनही हातानें केलेलीं. त्यांत ‘उतरायचं’ पहिलें कां, हेंही समजून घेण्यासारखें आहे. आपल्या आणि अरबांच्या गलबतांचें शीड युरोपांतल्यासारखें आडव्या परबाणास टांगलेलें चौकोनी नसतें. परबाण तिरकें, लांबच लांब, एका अंगानें आकाशांत गेलेलें. शीड तिरपें, तीन कोनांच्या घाटाचें. अशा परबाणावर चढून ओणवें होणें सोयीचें नव्हे. म्हणून परबाणच शिडासकट खालीं घेतात आणि तेथें उभें राहून शीड आवरून त्यास बांधतात. प्रस्थानापूर्वीं कित्येकदां तें बांधलेलें शीडच परबाणासह वर चढवितात. बांधावयास कच्च्या दोऱ्या वापरलेल्या असतात. तांडेलाची हांक आली कीं शिडाच्या खालच्या कोपऱ्याचा दोर खेंचावयाचा : एकामागून एक दोऱ्या तटातट तुटतात आणि शीड वारा घेऊन मोकळें होतें. २६ जानेवारीच्या ध्वजाची रीत याच जातीची आहे. तात्पर्य, आपल्या बोलींत ‘उतरविणें’ पुढें आलें आणि इंग्रजींत आलें नाहीं, याचें कारण भाषेंत नाहीं, परबाणांत आहे.

संस्कृतांत याला काय शब्द आहे, असा प्रश्न कोणी तरी करीलच, आणि मीही तो स्वतःस केला. अमरकोशांतील वारिवर्गांत नावेचा संसार चांगला मांडलेला आहे. डोलकाठीस कूपक आणि गुणवृक्षक अशीं दोन नांवें तेथें आहेत. गुणवृक्षक म्हणजे दोरांचें झाड, आणि ज्यानें तें नांव दिलें त्यानें डोलकाठी डोळ्यांनीं पाहिली होती यांत संशय नाहीं. सुकाणूं धरणारा कर्णधार आहे, वल्हें आहे, नावेंतलें पाणी उपसावयाचें भांडें आहे. प्राकृतांत शिडाचाही शब्द आहे : उद्योतनसूरीच्या इ. स. ७७९ मधील ‘कुवलयमाला’ या कथाग्रंथांत समुद्रप्रवासाच्या वर्णनांत ‘सेयवड’ येतो, म्हणजे श्वेतपट, पांढरें वस्त्र. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यांतील चित्रांत तीन डोलकाठ्यांचें जहाज आहे. त्याचीं शिडें उंच आणि चौकोनी आहेत. अजिंठ्याच्या चित्रांचा आधार घेऊन, फळ्या काथ्याच्या दोरीनें शिवून बांधलेलें ‘कौंडिण्य’ नांवाचें जहाज २१ मे २०२५ रोजीं कारवार येथें नौदलांत दाखल झालें. त्यासही चौकोनी शिडें आहेत, तेव्हां आजच्या तरुण नौसैनिकांस हा जुना खटाटोप पुन्हां शिकावा लागला असेल.

परिभाषा बनविणारी एखादी समिति ‘फर्ल’साठीं ‘संवेष्टन’ असा शब्द सहज देईल. संस्कृतावर माझें प्रेम आहे आणि चार मुलांस तें शिकवून मीं पोट भरलें आहे. तरीही या ठिकाणीं मी तांडेलाच्या बाजूस उभा राहीन. ‘संवेष्टन’ म्हणजे पुन्हां गुंडाळणेंच. कोशांतला अपुरेपणा तेवढा सोंवळें नेसून आला. ‘आवरणें’ हा शब्द त्याहून कितीतरी सकस आहे. त्याचें मूळही संस्कृतच, ‘आ’ उपसर्ग लावलेला ‘वृ’ धातु. त्याचा सख्खा भाऊ ‘सावरणें’. घर आवरावें, पसारा आवरावा, केंस आवरावे, रडें आवरावें, घोडा आवरावा : पसरलेलें, सुटलेलें, हाताबाहेर जाऊं पाहणारें जें जें आहे, तें गोळा करून ताब्यांत आणणें. ग्रीकांच्या ‘स्टेल्लेन’मध्यें जें नीटनेटकेपण आहे आणि रोमनांच्या ‘लेगेरे’मध्यें जें वेचणें आहे, तीं दोन्ही या एका घरगुती शब्दांत आहेत. उरली फक्त गांठ. ती जोडली कीं ‘शीड आवरून बांधणें’ असा प्रयोग होतो. तो दोन शब्दांचा झाला म्हणून कोणी नाकें मुरडूं नयेत. ‘फर्ल’ही मुळांत दोन शब्दांचाच होता, वापरानें झिजून एक झाला.

झिजावयास मात्र वापर लागतो, आणि अडचण तेथेंच आहे. इंग्रजांचीं शिडाचीं जहाजें गेलीं, परंतु ‘फर्ल’ राहिला, कारण त्यांनीं तो छत्रीस लावला, ध्वजास लावला, कवितेंत घेतला, कोशांत नोंदला. आपल्या तांडेलांचे शब्द कोंकणाबाहेर फारसे आलेच नाहींत. मोल्सवर्थसाहेबाच्या कोशांत नौकेसंबंधींचे कांहीं शब्द आहेत, तो कोश १८३१ सालचा, आणि त्याची वाढविलेली आवृत्ति १८५७ ची. त्यानंतर किनाऱ्यावर पिढ्या गेल्या. यंत्राच्या होडीवर डोलकाठी उरली तर ती दिवा आणि निशाण लावण्यापुरती. ज्यांनीं परबाण खालीं घेतलें, कच्च्या दोऱ्यांनीं शीड बांधलें, वाऱ्याच्या प्रत्येक जातीस वेगळें नांव दिलें, तीं माणसें आतां ऐंशीच्या पुढें आहेत. वस्तूंचीं नांवें एक वेळ संग्रहालयांत वस्तूखालीं लिहून टिकतील. क्रियापद कोणत्या कांचेच्या कपाटांत ठेवावें? तें करणाऱ्याच्या तोंडून, करतांना किंवा निदान करून दाखवितांनाच, ऐकून लिहिलें पाहिजे. ज्यांचें मूळ घर दाभोळपासून वेंगुर्ल्यापर्यंतच्या पट्ट्यांत आहे, त्यांनीं या मे महिन्यांत गांवीं गेल्यावर आंबे उतरवून झाले कीं एक दुपार शेजारच्या कोळीवाड्यांत किंवा भंडारवाड्यांत काढावी, बरोबर वही न्यावी, आणि ‘याला काय म्हणतात’ असें न विचारतां ‘हें कसें करतात’ असें विचारावें. शब्द आपण होऊन येतात.

शिडाचें काम मात्र जगांतून गेलेलें नाहीं. आजच्या क्रीडानौकांवर पुढचें शीड नाकाडापासून डोलकाठीकडे गेलेल्या पोलादी दोराभोंवतीं खरोखरच गुंडाळलें जातें. तळाशीं एक फिरकी असते. मागें सुकाणूंपाशीं बसून एक दोरी ओढली कीं सगळें शीड सुरळीसारखें वळत जातें. वर कोणी चढत नाहीं, कोणाची नखें निघत नाहींत. आमच्या कोशाचा अर्थ अखेर चारशें वर्षांनीं खरा झाला म्हणावयाचा! तथापि त्या दोरीचें टोंक शेवटीं खुंटीस पक्कें बांधावें लागतेंच. तें सुटलें, तर शीड आपल्या आपण उलगडतें.